चेहरा एकाचा, चित्र दुसऱ्याचं: व्यक्तिचित्रांबद्दल थोडं बोलूया

तिसरी_बाजू (धागालेखिका)

व्यक्तिचित्र पाहिलं की आपण आधी साम्य तपासतो. "हुबेहूब आलंय" किंवा "डोळे नाही जमले". ही परीक्षा मी हलकी मानत नाही. पण जुनी व्यक्तिचित्रं आणि फोटो सलग बघायला लागल्यापासून मला वेगळाच प्रश्न सतावतोय. समोर बसलेल्या माणसाचं त्या चित्रात कितपत चाललं? बसायचं की नाही, कसं बसायचं, नजर कुठे ठेवायची, तयार झालेलं चित्र कोणाच्या भिंतीवर जाणार, हे कोणी ठरवलं? व्यक्तिचित्राचा अर्थ बराचसा या उत्तरांमध्ये असतो, असं माझं मत बनलं आहे. पटत नसेल तर जरूर भांडा, त्यासाठीच धागा काढलाय.

एकाच चित्रकाराची, एकाच वर्षातली दोन चित्रं घेते. साल १६५०, गाव रोम. स्पेनच्या राजाचा चित्रकार दिएगो वेलास्केस तिथे मुक्कामाला आहे. त्याने पोप दहावे इनोसंट यांचं चित्र केलं. टोपी लाल, खांद्यावरचं वस्त्र लाल, खुर्ची लाल, पडदाही लाल, आणि त्या सगळ्यातून आपल्यावर रोखलेली संशयी नजर. पोपच्या हातात एक कागद आहे आणि त्यावर चित्रकाराचं नाव. "फारच खरं झालंय" असं पोप म्हणाले, अशी आख्यायिका आहे. ते म्हणाले असोत वा नसोत, चित्र घराण्यात राहिलं आणि आजही रोमच्या डोरिया पाम्फिली संग्रहात आहे.

दुसरं चित्र हुआन दे पारेहाचं. हा वेलास्केसचा गुलाम, त्याच्याच चित्रशाळेत मदतनीस म्हणून राबणारा. चित्रात मान ताठ, एक हात पोटावर आडवा, पांढरी रुंद कॉलर आणि थेट आपल्या डोळ्यांत बघणारी नजर. हे चित्र त्याच वर्षी मार्चमध्ये रोमच्या पँथिऑनमध्ये लोकांसमोर मांडलं गेलं. इतर चित्रं ही चित्रं आहेत, हे एकटं सत्य आहे, असं तिथल्या चित्रकारांचं मत पडल्याचं पालोमिनो या चरित्रकाराने पुढे लिहून ठेवलं. नोव्हेंबरमध्ये वेलास्केसने पारेहाच्या मुक्ततेच्या कागदावर सही केली. अट अशी, की आणखी चार वर्षं सेवा करायची.

पोप आणि गुलाम या दोघांना वेलास्केसने सारख्याच गांभीर्याने पाहिलं, आणि ते थोर आहे यात शंका नाही. तरीही पोपना नकार देता आला असता. पारेहाला कसा देता येणार? रंगांत हा फरक कुठेच दिसत नाही, म्हणूनच तो मला बोचतो.

गोष्ट पुढे आहे. पारेहा स्वतः चित्रकार झाला. सेंट मॅथ्यूला येशू बोलावून घेतो त्या प्रसंगाचं त्याचं १६६१ सालचं भलंमोठं चित्र माद्रिदच्या प्रादो संग्रहालयात आहे. त्यात अगदी डाव्या टोकाला त्याने स्वतःला उभं केलंय. हातात कागद, कागदावर त्याची स्वतःची सही. मात्र हा चेहरा वेलास्केसच्या चित्राशी जुळत नाही. वर्ण उजळ आहे, नाक धारदार आहे. आता सांगा, पारेहाचं खरं व्यक्तिचित्र कुठलं?

---

ओली_माती

उत्तम धागा. मी थोडी मागे जाते.

रोमन अंमलाखालच्या इजिप्तमध्ये, इसवी सनाच्या पहिल्या ते तिसऱ्या शतकांत, फयूम भागात ममीच्या तोंडावर लाकडी फळीवर रंगवलेला चेहरा बसवायचे. बरेचसे चेहरे गरम मेणात रंग कालवून रंगवलेले आहेत. मेणामुळे त्वचेला जो ओलसर, जिवंत पोत येतो तो आजही टिकून आहे. त्या डोळ्यांत बघितल्यावर मध्ये इतकी शतकं गेलीत यावर विश्वास बसत नाही. उत्खननकर्ते फ्लिंडर्स पेट्री यांना हवारा इथे अशी बरीच चित्रं सापडली. त्यातल्या एका तरुणीच्या चित्रावर ग्रीक लिपीत तिचं नाव आहे, हर्मायनी, आणि सोबत ती शिकलेली किंवा शिकवणारी असल्याचा उल्लेख. ती ममी आज केंब्रिजच्या गर्टन कॉलेजात आहे, म्हणजे मुलींच्या उच्च शिक्षणासाठी सुरू झालेल्या कॉलेजात. हे वाचलं तेव्हा मला फार बरं वाटलं होतं.

तुमच्या प्रश्नात ही चित्रं कुठे बसवायची? त्यांतले काही चेहरे माणूस जिवंत असताना रंगवले असावेत, काही मृत्यूनंतर. कुठल्याही परिस्थितीत ती आपल्यासाठी नव्हती. ती कापडात गुंडाळून त्या माणसाबरोबर पुरली जायची. आपण ती काचेमागे बघतो, तेव्हा त्या माणसांचं काहीच चाललेलं नसतं.

---

मंद_उजेड

धागालेखिकेच्या मूळ मुद्द्याशी असहमत.

बसणाऱ्याची संमती हा नीतीचा प्रश्न आहे आणि तो मोठा आहे. पण त्यावरून चित्राचा अर्थ लावायला गेलात तर उत्तमातली उत्तम व्यक्तिचित्रं हातून सुटतील. जहांगीराच्या दरबारातला इनायत खान घ्या. अफू आणि मद्याने पोखरलेला, मरणाच्या दारात असलेला हा अधिकारी १६१८ साली बादशहासमोर आणला गेला. बादशहाने त्याची अवस्था पाहिली, चकित झाला आणि चित्रकारांना त्याचं चित्र काढायला लावलं. आठवणींत त्याने हे स्वतःच नोंदवलंय. रेखाटन बॉस्टनच्या संग्रहालयात आहे, रंगीत चित्र ऑक्सफर्डच्या बोडलियन ग्रंथालयात. लोडांना टेकलेला तो हाडांचा सापळा, उघडी पडलेली छाती, कुठेच न बघणारे डोळे. त्या काळच्या चित्रांमध्ये प्रतिष्ठित माणूस एका बाजूने, नीटनेटक्या पोशाखात दाखवायची रीत होती. या चित्रात त्या रीतीतली फक्त चेहऱ्याची बाजू उरलीय, बाकी सगळं गळून पडलंय.

त्या माणसाला कोणी काही विचारलं नाही, हे मान्य. पण मरण्याबद्दल इतकं प्रामाणिक चित्र मला दुसरं माहीत नाही. आणि हे बळ चित्रकाराच्या नजरेतून आलंय. मॉडेलचं काय चाललं किंवा नाही चाललं, त्यातून आलेलं नाही.

---

तिसरी_बाजू

मंद_उजेड, इनायत खानचं उदाहरण चपखल आहे, आणि मला वाटतं ते माझ्या बाजूने जातं. त्या चित्राकडे बघताना पोटात जो गोळा येतो, तो फक्त रेषेमुळे येतो का? हा माणूस आता 'बघू नका' असं म्हणूही शकत नाही हे आपल्याला कळतं, त्याचाही त्यात वाटा आहे. चित्रकाराची नजर मी नाकारत नाहीये. पण ती नजर कोणाच्या हुकमाने तिथे बसली होती, हे चित्राच्या आतच आहे.

---

कोळसा_कागद

मी व्यक्तिचित्रं करतो, समोर माणूस बसवून. त्यामुळे थोडं कामाच्या बाजूने.

बसणाऱ्याचं काहीच चालत नाही, हे प्रत्यक्षात कधीच पूर्ण खरं नसतं. माणूस येतो तेव्हा 'चेहरा करून' येतो. पहिल्या बैठकीत तुम्ही तो केलेला चेहराच काढता. मग मान अवघडते, विचार भरकटतात, तोंडाचे कोपरे सैल पडतात, खालच्या पापणीचा ताण जातो. तिथे खरं काम सुरू होतं. पण तेवढ्यात त्याला कळतं की आपण सैल पडलोय, आणि तो परत ताठ होतो. ही ओढाताण चित्रभर चालते. एका बैठकीत उरकलेलं चित्र आणि महिनाभर चाललेलं चित्र यांत जो फरक दिसतो, तो बराचसा इथला असतो.

काही वेळा समोरचा माणूस अडसरच होतो. पिकासोने १९०५-०६ मध्ये लेखिका गर्ट्रूड स्टाइनचं चित्र करायला घेतलं. ऐंशी-नव्वद बैठका झाल्या असं ती सांगायची. शेवटी त्याने डोकं पुसून टाकलं, स्पेनला निघून गेला, आणि परत आल्यावर ती समोर नसताना तिचा चेहरा रंगवला. मुखवट्यासारखा, जड पापण्यांचा. स्टाइनला तो इतका आपला वाटला की तिने ते चित्र आयुष्यभर जवळ ठेवलं.

आता चेहऱ्याच्या कोनाबद्दल, कारण तो विषय निघालाच आहे. पंधराव्या शतकातल्या इटलीत एका बाजूने काढलेला चेहरा फार चालायचा. नाण्यांवर आणि पदकांवर तसाच असतो, त्यात रुबाब असतो आणि चित्रकाराच्या नजरेला नजर द्यावी लागत नाही. पिएरो देला फ्रांचेस्काने उर्बिनोच्या ड्यूक फेदेरिगोला डाव्या बाजूने काढलं, कारण द्वंद्वाच्या खेळात त्याचा उजवा डोळा गेला होता. नाकाचा तुटलेला बांधा मात्र आहे तसा ठेवला. काय झाकायचं आणि काय दाखवायचं, याचा सौदा त्या एका रेषेत दिसतो. त्याच शतकात, पण आधीच, उत्तरेकडे यान व्हॅन आयक चेहरा तीन-चतुर्थांश वळवून नजर थेट बघणाऱ्यावर आणत होता. १४३३ सालचा त्याचा लाल फेट्यातला माणूस बघा. बहुतेक तो स्वतःच असावा. चौकटीवर "मला जमेल तसं" अशा अर्थाचे शब्द आहेत. चेहरा वळला आणि माणूस आपल्याशी बोलायला लागला, मला तर व्यक्तिचित्राच्या इतिहासातला हा सर्वांत मोठा क्षण वाटतो.

---

रानवाट

वाचतेय, फार छान चर्चा. एक शंका: जुन्या फोटोंमध्ये कोणी हसत का नाही? कॅमेऱ्यासमोर खूप वेळ बसावं लागायचं म्हणून, एवढंच ऐकलंय.

---

जुनी_काच

रानवाट, ते अर्धंच उत्तर आहे. १८३९ मध्ये दागेरची फोटो काढण्याची पद्धत जाहीर झाली तेव्हा प्रकाश पुरेसा पडायला मिनिटांचा हिशेब लागायचा. त्याच वर्षी फिलाडेल्फियात रॉबर्ट कॉर्नेलियस या तरुणाने कॅमेऱ्यासमोर बसून स्वतःचीच छबी घेतली. केस विस्कटलेले, चेहरा चौकटीत जरा बाजूला गेलेला, नजर किंचित तिरपी. आजच्या काळात काढला असता तरी शोभला असता, इतका मोकळा फोटो आहे तो. पुढे चांगली भिंगं आली, रसायनं सुधारली आणि काही वर्षांतच वेळ सेकंदांवर आला. डोकं हलू नये म्हणून मागून लोखंडी टेकण लावायचे. त्या टेकणाचा पाय लपवायला जागा नसेल तर फोटोत त्याचा तळ दिसतो, जुने फोटो मिळाले तर शोधून बघा.

तरीही लोक हसले नाहीत, कारण संकेत चित्रकलेतून आला होता. दात दाखवून हसणं हे दारुडे, विदूषक आणि लहान मुलांचं लक्षण मानलं जायचं. १७८७ मध्ये पॅरिसमध्ये एलिझाबेथ विजे-लब्रन या चित्रकर्तीने मुलीला कुशीत घेतलेलं आत्मचित्र प्रदर्शनात ठेवलं. त्यात तिचे ओठ जरासे विलग आहेत, दात दिसतात. तेवढ्यावरून गहजब झाला. आज ते चित्र लूव्रमध्ये बघताना नेमकं कशाने लोक बिथरले ते शोधावं लागतं.

आता मूळ विषयावर. छायाचित्राने व्यक्तिचित्र स्वस्त केलं. १८५४ मध्ये दिसदेरीने पॅरिसमध्ये एकाच काचेवर अनेक छोटे फोटो घेण्याचं पेटंट घेतलं, आणि भेटपत्राच्या आकाराचे फोटो घरोघरी अल्बमांत शिरले. पूर्वी चित्र करून घेणं ज्यांना स्वप्नातही परवडलं नसतं त्यांचे चेहरे आता टिकायला लागले. पण त्याच यंत्राचा दुसराही वापर झाला. १८८० च्या दशकात पॅरिस पोलिसांकडे आल्फोन्स बर्तियोंने अटक झालेल्यांचे समोरून आणि बाजूने, ठराविक अंतरावरून फोटो घेण्याची शिस्त घालून दिली. कोळसा_कागद यांनी सांगितलेला ड्यूकचा तो रुबाबदार कोन दप्तरात जाऊन बसला. कोन तोच, मालक बदलला.

या दोन टोकांच्या मधला माणूस म्हणजे फ्रेडरिक डग्लस. गुलामीत जन्मला, १८३८ मध्ये निसटला, आणि एकोणिसाव्या शतकातला सर्वाधिक फोटो काढून घेतलेला अमेरिकन ठरला. त्याचे सुमारे १६० वेगवेगळे फोटो आज ज्ञात आहेत. हे हौसेने झालं नाही. गोऱ्या चित्रकारांच्या हातून काळ्या माणसाचं निःपक्षपाती चित्र होऊच शकत नाही, असं त्याने लिहिलं होतं. एका पुस्तकात त्याचा चेहरा उगाच गोड, सौम्य केला म्हणून त्याने जाहीर नाराजी नोंदवली. गुलामीतून पळालेल्या माणसाच्या तोंडावर ही प्रसन्नता कुठून येणार, असा त्याचा सवाल. फोटोंमध्ये तो जवळपास कुठेच हसत नाही. भुवया आवळलेल्या, केस नीट विंचरलेले, उत्तम कोट. सुखी गुलामाची जी प्रतिमा तेव्हा विकली जायची, तिला हा माणूस एकेका फोटोने उत्तर देत होता. म्हणून रानवाट, काही वेळा न हसणं हा निर्णय असतो.

---

रानवाट

हे अजिबात माहीत नव्हतं. डग्लसचे फोटो शोधून बघितले. तरुणपणापासून पांढऱ्या केसांपर्यंत तीच नजर आहे. धन्यवाद.

---

तिसरी_बाजू

जुनी_काच, डग्लसबद्दल लिहिलंत ते फार चांगलं झालं. त्यावरून पारेहाच्या आत्मचित्राचं मला सुचलेलं उत्तर सांगते. त्याने स्वतःला उजळ रंगवलं यावर "त्याने स्वतःला नाकारलं" अशी टीका सहज करता येते. पण त्या काळच्या स्पेनमध्ये वर्णावरून आणि कुळावरून माणसाची जागा ठरत होती, आणि तिथे त्याला चित्रकार म्हणून उभं राहायचं होतं. आपल्याला जसं बघितलं जावं असं वाटतं तसं त्याने रंगवलं. राजे-सरदार हेच पैसे देऊन करून घ्यायचे आणि त्यांना कोणी विचारत नाही. डग्लसने मार्ग वेगळा निवडला, पण दोघांच्या हाती सूत्रं होती.

सूत्रं अजिबात हाती नसलेला फोटो बघायचा असेल तर मार्क गरांजेने अल्जीरियात काढलेले फोटो बघा. १९६० मध्ये तो फ्रेंच सैन्यात सक्तीच्या सेवेवर होता. गावागावांतून हलवलेल्या लोकांसाठी ओळखपत्रं करायची म्हणून त्याला फोटो काढायला लावलं, आणि बायकांना चेहऱ्यावरचं वस्त्र काढायला लावलं. दोनएक हजार बायकांचे फोटो निघाले. त्यांच्या नजरा इतक्या जळजळीत आहेत की ओळखपत्राचा फोटो हा निषेधाचा कागद होऊन बसला. गरांजेला ते तेव्हाच कळलं होतं, आणि पुढे त्याने ते फोटो त्याच अर्थाने छापले.

---

मंद_उजेड

गरांजेचे फोटो बघितले. इथे तुमचा मुद्दा मला मान्य करावा लागतो. या फोटोंना सक्तीपासून वेगळं काढलं तर काही उरत नाही.

तरी एक अडचण राहतेच. डोरोथिया लँगने १९३६ मध्ये कॅलिफोर्नियात निपोमोजवळच्या शेतमजुरांच्या तळावर काढलेला, मुलांना बिलगून घेतलेल्या आईचा फोटो. लँग सरकारी खात्यासाठी काम करत होती. तिने त्या बाईचं नावही विचारलं नाही. फोटो जगभर गेला. बाईचं नाव फ्लॉरेन्स ओवेन्स थॉम्पसन, हे कळायला १९७८ साल उजाडलं. फोटोचा आपल्याला काहीच फायदा झाला नाही, असं ती तेव्हा म्हणाली. तिच्या दृष्टीने अन्यायच. पण तो फोटो छापून आल्यावर त्या तळावर अन्नाची मदत पोचली, आणि तेव्हाच्या महामंदीतल्या भुकेला चेहरा मिळाला. तिला विचारून, नीट बसवून, तिला आवडेल असा फोटो काढला असता तर हे घडलं असतं?

---

कोळसा_कागद

मंद_उजेड, नाव विचारल्याने फोटो बिघडला असता असं मला नाही वाटत. विचारूनही थोर फोटो होतात. ऑगस्ट झांडरने जर्मनीत शेतकरी, मिठाईवाला, वकील, बेकार माणूस, सगळ्यांना त्यांच्या जागी, त्यांच्या कपड्यांत, सावकाश उभं केलं. लोकांना उभं कसं राहायचं ते ठरवायला वेळ मिळाला आणि ते त्यांच्या अंगात दिसतं. १९२९ मध्ये त्यातल्या ६० फोटोंचं पुस्तक निघालं. १९३६ मध्ये नाझींनी त्याचे छापण्याचे साचे नष्ट केले. त्यांना एकच एक जर्मन चेहरा हवा होता आणि झांडरकडे तऱ्हेतऱ्हेचे होते.

किंवा मालीतला सेदू कैता. १९४८ मध्ये त्याने बामाकोत स्टुडिओ काढला. मागे पडदा म्हणून सुरुवातीला स्वतःच्या पलंगावरची चादर टांगली. घड्याळ, रेडिओ, कोट, हवं ते वापरायला द्यायचा. माणसं तिथे स्वतःला हवी तशी सजून बसायची आणि तो फक्त खांदा थोडा तिरका करायचा, हाताला जागा शोधून द्यायचा. तो तिरका खांदा म्हणजे कैताची सही. व्यक्तिचित्र करणाऱ्याचं काम म्हणजे एवढंच, आणि ते फार अवघड आहे. समोरच्याला हवं ते घ्यायचं आणि त्याला स्वतःलाही माहीत नसलेला एक कोन त्यात घालायचा.

---

ओली_माती

+१. अवांतर: चक क्लोज या चित्रकाराला चेहरे ओळखताच यायचे नाहीत, मेंदूतला दोष होता. चेहरा सपाट करून, चौकोन आखून रंगवला की तो त्याच्या लक्षात राहायचा, आणि त्याने आयुष्यभर भिंतीएवढे चेहरेच रंगवले. चेहरा धरून ठेवण्याची इतकी निकड दुसऱ्या कुणाला असेल?

---

जुनी_काच

एक प्रकरण राहिलंय आणि ते आजचं आहे. १८५० मध्ये हार्वर्डचे शास्त्रज्ञ लुई अ‍ॅगासी यांना वंशांबद्दलचे आपले सिद्धांत सिद्ध करायचे होते. त्यासाठी दक्षिण कॅरोलायनात जोसेफ झिली या छायाचित्रकाराकडून गुलामांचे फोटो काढून घेतले गेले. त्यांत रेंटी नावाचा माणूस आणि त्याची मुलगी डेलिया आहेत, कपडे उतरवलेले. हे फोटो विद्यापीठाकडे राहिले. २०१९ मध्ये तामारा लॅनिअर यांनी आपण रेंटीच्या वंशज आहोत असं सांगत ते फोटो मिळावेत म्हणून दावा लावला. मॅसॅच्युसेट्सच्या सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये फोटोंची मालकी त्यांना दिली नाही, पण मानसिक त्रासाबद्दलचा दावा पुढे चालू द्यायला हरकत घेतली नाही. २०२५ मध्ये तडजोड झाली आणि हे फोटो चार्ल्स्टनच्या आफ्रिकन अमेरिकन संग्रहालयाकडे द्यायचं ठरलं.

फोटोची मालकी फोटोतल्या माणसाची नसते, सहसा काढणाऱ्याची किंवा बाळगणाऱ्याची असते, असाच कायदा बहुतेक ठिकाणी आहे. जिथे काढून घेणंच गुन्ह्यासारखं होतं तिथेही तो तसाच लागू करायचा का?

---

मंद_उजेड

नाही करायचा. हे मी चित्राचा पक्ष घेऊनही म्हणतो. पण मग ते फोटो दाखवावेत की नाही? दाखवले तर त्यांची विटंबना पुन्हा होते, झाकले तर अ‍ॅगासीने काय केलं ते कळत नाही.

---

तिसरी_बाजू

माझ्या मते डेलियाचा फक्त चेहरा दाखवावा, खांद्याच्या वर कापून. तिच्या डोळ्यांत बघितल्यावर तिच्यावर काय चाललंय ते कळायला शरीर दिसायची गरज नाही. आणि खाली आधी तिचं नाव, मग तिच्या वडिलांचं, आणि झिली-अ‍ॅगासींची नावं सर्वांत शेवटी, बारीक टाइपात.

---

कोळसा_कागद

कापण्याला माझा विरोध. चौकट बदलली की आपणही त्या फोटोवर आपलं म्हणणं लादतो, हेतू चांगला असला तरी. दाखवायचे तर पूर्ण, नाहीतर बंद कपाटात. आणि काय करायचं ते वंशजांनी ठरवावं, आपण नाही.